गर्दीतला ओळखीचा चेहरा : बेस फ्लॉवर्स

1927 साली प्रदर्शित झालेल्या ‘द जॅझ सिंगर’नंतर हॉलिवूडमध्ये बोलपटांचे युग सुरू झाले आणि नायक-नायिकांच्या मागे वावरणाऱ्या दुय्यम कलावंतांच्या कामाचे स्वरूपही पालटले. ध्वनिमुद्रण चालू असताना मेजवानीच्या प्रसंगातील पाहुण्यांना बहुधा केवळ ओठ हलवून संभाषणाचा आभास निर्माण करावा लागे. एखादे वाक्य उच्चारण्याची संधी मिळालेला कलावंत मात्र ‘एक्स्ट्रा’, म्हणजे गर्दीतील अनामिक नट, या पायरीवरून किरकोळ भूमिकेच्या पायरीवर चढे व त्याचा मेहनतानाही वाढे.

या दोन्ही पायऱ्यांवर सुमारे चार दशके वावरलेली अभिनेत्री म्हणजे टेक्सास राज्यात 1898 साली जन्मलेली बेस फ्लॉवर्स. मूकपटांच्या सरत्या काळात, 1928 च्या ‘वी फॉ डाउन’मध्ये, तिने लॉरेल-हार्डी या विनोदी जोडीतील लॉरेलच्या पत्नीची भूमिका केली होती, तथापि बोलपटांत ती प्रामुख्याने ‘ड्रेस एक्स्ट्रा’ म्हणून ओळखली गेली. उंची पोशाख स्वतःच्या संग्रहातून आणणाऱ्या अशा कलावंतांना सामान्य एक्स्ट्रांपेक्षा अधिक रोजंदारी मिळत असे, त्यामुळे कपड्यांचे कपाट हेच त्यांचे भांडवल ठरे.

‘इट हॅपन्ड वन नाइट’ (1934) आणि ‘ऑल अबाउट ईव्ह’ (1950) या ऑस्करविजेत्या चित्रपटांसह शेकडो चित्रपटांत ती दिसते, परंतु श्रेयनामावलीत तिचे नाव क्वचितच आढळते. प्रेक्षकाचे लक्ष विचलित न करता प्रसंगाला खरेपणा देणे हेच तिच्या कलेचे मर्म असल्याने, तिचे यश तिच्या अनामिकतेतच सामावलेले होते.