मंत्र दादरचा, धागा काळा!

दगडावर दोन अक्षरं लिहायची, दगड समुद्रात सोडायचा आणि तो बुडायचंच विसरतो! गुरुत्वाकर्षणाला गप्प बसवणारी इतकी आटोपशीर जादुई खूण दुसऱ्या कुठल्या अद्भुतकथेत सापडायची नाही. गंमत म्हणजे वाल्मीकींच्या रामायणात नल सेतू बांधतो खरा, पण दगडांवर रामनाम लिहिल्याचा पत्ताच नाही. ती भर पुढच्या कथेकऱ्यांची. (प्युमिससारखा सच्छिद्र दगड पोटातल्या हवेमुळे अक्षरांविनाही तरंगतो. पण हे कीर्तन चालू असताना बोलू नये.)

ही सेतूची कथा दादासाहेब फाळक्यांनी १९३२ साली ‘सेतुबंधन’मध्ये पडद्यावर आणली. वेळ तेवढी चुकली. १४ मार्च १९३१ रोजी गिरगावच्या मॅजेस्टिकमध्ये ‘आलम आरा’ लागला होता, सिनेमाला कंठ फुटला होता, आणि दादासाहेबांचा हा मूकपट! शेवटी त्याला मागाहून आवाज जोडावा लागला. दगड तरंगले, मूकपटांचा जमाना मात्र बुडाला.

फाळके आणि जादू हे नातं सिनेमाच्याही आधीचं. एका जर्मन जादूगाराकडून ते हातचलाखी शिकले आणि पुढे ‘प्रोफेसर केळफा’ या नावाने त्यांनी खेळही केले. केळफा? उलटीकडून वाचा!

मग हा जादूगार दादरला कॅमेरा घेऊन बसला. आज ज्या रस्त्याला त्यांचं नाव आहे, तिथल्या बंगल्यात ‘राजा हरिश्चंद्र’ तयार झाला आणि ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये लागला. विश्वामित्राच्या यज्ञाच्या ज्वाळांत तीन शक्ती उभ्या राहतात, हे बघून प्रेक्षक थक्क. या शक्ती म्हणजे लुगडी नेसलेले बाप्ये, कारण बायका सिनेमात यायला तयारच नव्हत्या. त्या काळच्या कॅमेऱ्याचे मंत्र दोनच. कॅमेरा थांबवा, माणूस बाजूला करा, पुन्हा फिरवा, की माणूस गायब. आणि फिल्म मागे गुंडाळून तिच्यावरच दुसऱ्यांदा चित्रण करा, की एका चित्रात दुसरं चित्र प्रकट. या दोन मंत्रांवर अख्खी देवसृष्टी चालली!

१९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये मारुती आकाशात उडाला आणि गिरगावच्या वेस्ट एंडमध्ये गर्दी उसळली. त्यात राम झाले होते अण्णा साळुंके. आणि सीता? तेही अण्णा साळुंकेच. मारुतीच्या उड्डाणापेक्षा मला हाच मोठा चमत्कार वाटतो. १९१९ च्या ‘कालिया मर्दन’मध्ये कृष्ण झाली फाळक्यांची लेक मंदाकिनी. गोष्ट सुरू होण्याआधी ती कॅमेऱ्यासमोर तऱ्हेतऱ्हेचे भाव करून दाखवते. आधी पोरगी बघा, मग देव बघा, असा रोखठोक कारभार.

आता परळला चला. इथल्या लवजी कॅसलमध्ये १९३३ साली वाडिया मूव्हीटोन सुरू झालं आणि पहिलाच बोलपट निघाला ‘लाल-ए-यमन’, म्हणजे शुद्ध जादूनगरी. वाडिया बंधू मुंबईत जहाजं बांधणाऱ्या घराण्यातले. त्या घराण्याने इथे बांधलेलं, १८१७ साली पाण्यात उतरलेलं ‘एचएमएस त्रिंकोमाली’ इंग्लंडमध्ये हार्टलपूलला आजही तरंगतंय. जड वस्तू तरंगत ठेवणं यांच्या रक्तातच, म्हणायचं! १९४२ मध्ये भाऊ वेगळे झाले आणि परळच्या त्याच जागेत व्ही. शांताराम यांचं राजकमल कलामंदिर उभं राहिलं.

पण गुरुत्वाकर्षणाचा खरा वैरी म्हणजे बाबूभाई मिस्त्री. १९३७ च्या ‘ख्वाब की दुनिया’मध्ये त्यांनी अदृश्य माणसाच्या करामती अशा दाखवल्या, की त्यांचं नावच ‘काला धागा’ पडलं. युक्ती ऐकायला पोरखेळ वाटते. मागे काळा पडदा, वस्तूला काळा धागा, धागा ओढणारा चौकटीबाहेर. पण दिवा जरा इकडचा तिकडे झाला आणि धाग्यावर चकाकी आली, की संपली जादू! म्हणजे अर्धं काम हाताचं, अर्धं उजेडाचं. होमी वाडियांच्या ‘हातिमताई’तली (१९५६) करामतही बाबूभाईंचीच. आणि त्यांनी दिग्दर्शित केलेल्या ‘पारसमणी’ने (१९६३) लक्ष्मीकांत-प्यारेलाल ही जोडी संगीतकार म्हणून पहिल्यांदा पडद्यावर आणली.

रंगभूमीही मागे नाही. कोकणातली दशावतारी मंडळं मुंबईत प्रयोग लावतात, तेव्हा जाहिरातीत ‘ट्रिकसीनयुक्त’ हा शब्द ठसठशीत झळकतो. देव अंतराळातून उतरला नाही, तर प्रेक्षक तिकिटाचे पैसे वसूल झाले असं मानतच नाहीत.

आणि गणपतीत? लालबाग-परळला, गिरगावातल्या चाळींत हलते देखावे लागतात. पडद्याआड छोटी मोटर, दोरी, कप्पी. पुढे मारुती द्रोणागिरी उचलून निघालेला, मागे कुणी कार्यकर्ता मोटरवर डोळा ठेवून बसलेला. कंप्युटरवर काढलेल्या उड्डाणांपेक्षा हा किंचित अडखळत जाणारा मारुती माझ्या मते सरस.

यंदा देखावा बघायला गेलात, तर दर्शन झाल्यावर मागची बाजू दाखवायची विनंती करून बघा. गर्दी नसेल तर कार्यकर्ते हौसेने दाखवतात. दोरीला हात तेवढा लावू नका!