कुरणातली गुळी

फ्लोरिडातली घोड्यांची कुरणं पावसाळ्यात हिरवीगार होतात, पण तो सगळा हिरवा रंग गवताचा नसतो. ज्या पागेत मी सुट्टीच्या दिवशी कामाला जातो, तिथे पाऊस पडून गेला की पहिलं काम खुरप्याचं, एक तण काढायचं. उभ्याने चालून हे तण सापडत नाही, कुंपणाच्या कडेकडेने वाकूनच फिरावं लागतं. गवत कापायचं यंत्रही त्याचं काही बिघडवत नाही. पात्याची उंची चुकवून ते जमिनीलगत पसरत जातं.

हे तण म्हणजे इंडिगोफेरा हेंडेकाफिला, निळीच्या म्हणजेच गुळीच्या झाडाची सरपटणारी बहीण. जुन्या लिखाणात ती बहुधा ‘स्पिकाटा’ या नावाने भेटते. एका बुडख्यातून चहूकडे फांद्या पांगलेल्या असतात. पानाच्या दांडीवर लहान पर्णिका असतात, त्याही समोरासमोर नाहीत, एकाआड एक. गुलाबी-भगवट फुलांचा तुरा तेवढा वर डोकावतो. खरी ओळख शेंगांची. बोटाच्या पेराएवढ्या, ताठ, टोकदार शेंगा केळीच्या घडासारख्या दाटीने खाली वळलेल्या असतात. त्या काळ्या पडायच्या आत रोप निघालं पाहिजे, नाहीतर बी मातीत गेलंच.

फांदी धरून ओढलं तर फांदीच हातात येते. बुडखा चाचपायचा, बाजूने खुरपं खोल घालायचं आणि सोटमूळ हलतंय का ते पाहायचं. रेताड जमीन ओली असेल तर ते सावकाश वर येतं. वर तुटलं तर पुन्हा फुटतं. बारीक मुळ्यांवर इवल्या गाठी असतात. त्यातली एक नखाने फोडली की आत गुलाबी दिसते. त्या गाठीतले जिवाणू हवेतला नत्र झाडाला मिळवून देत असतात.

या गाठींसाठीच तर माणसाने ही वेल हौसेने लावली. उष्ण प्रदेशातल्या चहा-कॉफीच्या मळ्यांत मोकळी जमीन झाकायला, उतारावरची माती धरून ठेवायला आणि नत्र द्यायला ती उत्तम. फ्लोरिडातही गेल्या शतकाच्या पूर्वार्धात ती कृषी संशोधकांनीच आणली, चारा आणि जमिनीचं आच्छादन म्हणून. लवकर पसरावी, तुडवणं सोसावं, कमी पाण्यावर तगावी, हे गुण पारखूनच तिची निवड झाली. आज आम्ही उकिडवे बसून झगडतो ते याच गुणांशी.

तिच्यात दोन विषं आहेत. नायट्रोप्रोपिऑनिक आम्ल पेशींमधली ऊर्जा तयार होण्याची साखळी तोडतं आणि त्याचा पहिला फटका मेंदूला बसतो. दुसरं इंडोस्पिसिन. ते आर्जिनिन या अमिनो आम्लाची नक्कल करून प्रथिनांच्या कामात घोळ घालतं आणि यकृताला इजा करतं. आमच्या पागेतल्या एका घोडीत हे मी पाहिलं. आधी ती नुसती मरगळली, वजन उतरलं. मग लाळ गळू लागली, डोळ्यांवर धुरकट सारा आला, वळवताना मागचे पाय एकमेकांत अडकू लागले. या विषांवर उतारा नाही. जनावराला त्या कुरणातून ताबडतोब हलवायचं, चांगलं वाळलं गवत घालायचं आणि वाट पाहायची. घोडी वाचली, पण तिची चाल पूर्वीसारखी झाली नाही. घोड्यांना या वेलीची चटकही लागते, म्हणून ‘कडू असेल तर खाणार नाहीत’ या भरवशावर राहता येत नाही.

मायामी विद्यापीठातल्या वनस्पतिशास्त्रज्ञ ज्युलिया मॉर्टन यांनी 1989 मध्येच या वेलीच्या धोक्यावर सविस्तर लिहिलं होतं. ऑस्ट्रेलियात तर तिच्या सख्ख्या भावंडाने, इंडिगोफेरा लिनायने, घोड्यांचा ‘बर्ड्सव्हिल रोग’ आणला. हे झाड खाल्लेल्या घोड्यांचं आणि उंटांचं मांस खाऊन तिथे कुत्रीही दगावली, कारण इंडोस्पिसिन मांसात साठून राहतं. हे भावंड आपल्याला परकं नाही. महाराष्ट्राच्या माळांवर उगवणारी भुईगुळी ती हीच.

म्हणून शेंगावर्गीय आच्छादनाकडे पाठ फिरवावी, असं मी म्हणणार नाही. फ्लोरिडातच पिवळ्या फुलांचा बहुवर्षायू भुईमूगही जमीन झाकतो, नत्र देतो आणि त्याचा वाळलेला चारा घोड्यांना आवडीने घातला जातो. कुळ तेच, कामही तेच, फरक आहे तो जनावराच्या पोटात गेल्यावरचा. कोकणातल्या आंबा-काजूच्या बागेत आच्छादनाचं पीक पेरतानाही नत्र किती, वाढ किती याच्या आधी विचारायला हवं की इथे कोणाची गुरं येणार, आणि बी कुंपणापलीकडे गेलं तर कोणाच्या रानात उगवणार? जमीन झाकणं हे पुण्याचं काम आहे. त्यावर चरणाऱ्या जनावराची काळजी वाहणं हाही त्याच कामाचा भाग आहे आणि तो पेरणीआधी करायचा असतो.