दोन-चार वाक्यांचा नट

जुने ब्रिटिश चित्रपट पाहताना मला एक खोड जडली आहे. नायक समोर बोलत असतो आणि माझी नजर मागे उभ्या असलेल्या एका माणसाला शोधत असते. किरकोळ अंगकाठी, तरतरीत चेहरा. कधी तो शिपाई, कधी खलाशी, तर कधी कामगार. दोन-चार वाक्ये बोलतो आणि निघून जातो. त्याचे नाव सॅम किड. दोनशेहून अधिक चित्रपटांत त्याने काम केले, पण नाव सांगितले तर किती जणांना आठवेल?

सॅमचा जन्म १९१५ साली बेलफास्टचा. लंडनमध्ये तो एका वाद्यवृंदाचा निवेदक होता. दुसरे महायुद्ध सुरू झाले आणि तो सैन्यातून फ्रान्सला गेला. १९४० मध्ये जर्मनांनी त्याला पकडले. युद्ध संपेपर्यंतची वर्षे पोलंडमधल्या तोरुन इथल्या युद्धकैद्यांच्या छावणीत गेली.

बंदिवासात भुकेइतकाच छळतो तो रिकामा वेळ. सॅमने तिथे नाटके बसवायला घेतली. नाटक ठरले की कुणी पाठांतराला लागतो, कुणी कपडे जमवतो, कुणी पडदा शिवतो. प्रयोगाची तारीख आली की उद्याची वाट पाहण्याला कारण मिळते. तीन वर्षांनी सॅमला मायदेशी परतण्याची संधी मिळाली. त्याने ती नाकारली. हाती घेतलेले नाटकांचे काम त्याला सोडवेना! या कामाची कदर म्हणून त्याला काटेरी तारेपासून बनवलेली नाट्य-मुखवट्यांची जोडी मिळाली. मला तर कोणत्याही पदकापेक्षा ती मोलाची वाटते.

युद्धानंतर १९४६ मध्ये ‘द कॅप्टिव्ह हार्ट’ हा युद्धकैद्यांवरचा चित्रपट आला. त्यात सॅमने कैद्याची भूमिका तर केलीच, शिवाय छावणीतले बारकावेही सांगितले. मग ‘द क्रुएल सी’ (१९५३), ‘रीच फॉर द स्काय’ (१९५६), ‘आय अ‍ॅम ऑल राइट जॅक’ (१९५९) अशी रांगच लागली. ‘क्रेन’ या दूरदर्शन मालिकेतला त्याचा ऑर्लँडो इतका आवडला, की पुढे त्याच पात्रावर मुलांसाठी स्वतंत्र मालिका निघाली. तेव्हा सॅम पन्नाशीला पोहोचला होता. १९७३ मध्ये त्याने कैदेच्या आठवणींचे पुस्तक लिहिले. १९८२ मध्ये तो गेला.

चरित्र अभिनेत्याचे काम अवघड असते ते इथेच. नायकाला स्वतःला उलगडून दाखवायला दोन तास मिळतात. याला मिळते जेमतेम अर्धे मिनिट. तेवढ्यात हा माणूस खरा वाटला पाहिजे आणि नायकावरचे लक्षही ढळता कामा नये. मागचा शिपाई खोटा वाटला, तर पुढचा सेनापतीही खोटाच वाटतो.

तारेच्या कुंपणाआड, जिथे ना पैसा ना प्रसिद्धी, तिथे ज्याने नाटक जपले, त्याला दोन वाक्यांची भूमिका लहान कशी वाटेल? म्हणूनच चित्रपट संपला तरी मी लगेच उठत नाही. नामावलीत खाली कुठेतरी त्याचे नाव येते. ते वाचतो आणि मगच टीव्ही बंद करतो.

(रेडिओवरील भाषणाचा संपादित भाग)