न काढलेल्या छायाचित्राची गोष्ट

काही घरांत एखादी वस्तू अशी असते, की तिच्याविषयी कुणी बोलत नाही. रिया ताजिरी या जपानी वंशाच्या अमेरिकन चित्रपटकर्तीच्या आईजवळ लाकडात कोरलेला एक छोटा पक्षी होता. मुलांनी त्याला हात लावायचा नाही. तो आजीने दिला, एवढंच आई सांगे. पुढे सरकारी अभिलेखागारात रियाला एक जुनं छायाचित्र सापडलं. बंदिछावणीत पक्षी कोरायला शिकवण्याचा वर्ग भरलाय आणि त्यात तिची आजी बसली आहे!

छावणी कसली? डिसेंबर १९४१मध्ये जपानने पर्ल हार्बरवर हल्ला केला. फेब्रुवारी १९४२मध्ये राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांनी हुकूम काढला आणि पश्चिम किनाऱ्यावरचे जपानी वंशाचे सुमारे १,२०,००० लोक घरदार सोडून छावण्यांत गेले. त्यांतले दोन तृतीयांश अमेरिकेचेच नागरिक होते. रियाची आई ॲरिझोनाच्या वाळवंटात, पोस्टनच्या छावणीत होती. वडील मात्र अमेरिकेच्याच सैन्यात! आणि इकडे कुटुंबाचं राहतं घर नाहीसं झालं.

या लोकांच्या हातून कॅमेरे काढून घेतले होते. त्यामुळे चित्रं उरली ती बहुतेक सरकारची आणि हॉलिवूडची. आईला विचारावं, तर ती म्हणे, आठवत नाही.

मग चित्रपट करायचा कशाचा? ‘हिस्टरी अँड मेमरी’ (१९९१) या ३२ मिनिटांच्या चित्रपटात रिया ही अडचणच पडद्यावर मांडते. सरकारी वृत्तपट, जुन्या चित्रपटांचे तुकडे, घरच्यांचे आवाज आणि पडद्यावरून सरकणारा मजकूर ती शेजारी शेजारी ठेवते. त्यात ‘बॅड डे ॲट ब्लॅक रॉक’ (१९५५) येतो. त्यातला नायक कोमोको नावाच्या जपानी शेतकऱ्याला शोधत गावात येतो. साऱ्या गोष्टीचं मूळ हा कोमोको. पण तो पडद्यावर एकदाही दिसत नाही. रियाला त्या न दिसण्यात आपलं घर दिसतं.

तिच्या मनात मात्र एक दृश्य लहानपणापासून आहे. रणरणत्या उन्हात आई नळाखाली बाटली धरून पाणी भरते आहे. हे कुणी सांगितलं, ते तिला ठाऊक नाही. ते दृश्य ती नव्याने चित्रित करते आणि हे आपण रचलेलं आहे, हे लपवत नाही. प्रयोगशील चित्रपट दुर्बोध असतो, अशी तक्रार आपण नेहमी ऐकतो. इथे प्रयोगाची गरज साधी आहे : जे छायाचित्र कुणी काढलंच नाही, ते आईला द्यायचं आहे.

१९८८मध्ये अमेरिकेने कायदा करून माफी मागितली. हयात असलेल्या प्रत्येकाला २०,००० डॉलर देऊ केले. ते योग्यच झालं. पण आईच्या आठवणीतली रिकामी जागा धनादेशाने कशी भरावी?

२०२२मध्ये रियाने ‘विस्डम गॉन वाइल्ड’ केला. आता आईला स्मृतिभ्रंश झालेला असतो. आई भलत्याच काळात, भलत्याच गावात वावरते. लेक तिला दुरुस्त करत बसत नाही. ती सोबत चालते, आणि कॅमेराही.