ठोका जुळवताना

जुन्या लंबकाच्या घड्याळातला अँकर काढला की काय होतं, ते मी पुण्यात बुधवार पेठेतल्या एका चिंचोळ्या दुकानात पाहिलं. तिथल्या घड्याळजी काकांनी स्प्रिंगला जेमतेम अर्धा फेरा चावी दिली होती. अडसर निघाला तशी सगळी चाकं घरघरत सुटली, मिनिटकाटा तबकडीवर गरागरा फिरला आणि काही तास पुरला असता एवढा जोर बघता बघता संपून गेला. “चावी पूर्ण असताना असं कधी करायचं नाही,” काका म्हणाले. “दाते मोडतात, बोटं सोलवटतात.”

विज्ञानकथांमध्ये काळाचा प्रवाह स्थिर ठेवणारी यंत्रं असतात. त्यांच्याविषयी वाचताना आता मला हा अँकर आठवतो. पोलादाचा वाकवलेला लहानसा तुकडा, त्याला दोन पाय. लंबक एका बाजूला झुकला की एक पाय दातेरी चाकातून निघतो, चाक किंचित पुढे सरकतं आणि लगेच दुसरा पाय त्याला अडवतो. सरकता सरकता दाता निघणाऱ्या पायाला निसटता धक्का देतो. तो धक्का लंबकापर्यंत पोचतो आणि हवेशी झगडताना गेलेलं त्याचं बळ भरून निघतं. जोर स्प्रिंगचा असतो, पण तो कधी सुटायचा ते लंबक ठरवतो. ख्रिस्तियान हायगेन्सनं 1656 मध्ये घड्याळाला लंबक जोडला. त्याआधीची घड्याळं दिवसाला पंधरा-पंधरा मिनिटं चुकायची. लंबकानं ती चूक सेकंदांवर आणली. एका कल्पनेनं एखादी वस्तू इतकी सुधारल्याचं उदाहरण मला तरी दुसरं सांगता येणार नाही.

काकांच्या टेबलावरचं घड्याळ कोकणातल्या एका घरातून आलं होतं. ‘चालतं आणि थांबतं’ एवढीच तक्रार. मागचं झाकण उघडल्यावर कारण नाकालाच कळलं. कुणीतरी प्रेमानं त्यात खोबरेल घातलं होतं. खोबरेल थंडीत गोठतं, मग धूळ धरतं, आणि शेवटी त्याचा चिकट काळा लेप होतो. काकांनी आधी स्प्रिंग उतरवली. चावी मुठीत घट्ट धरायची, अडकवणारी खिट्टी अंगठ्यानं उचलायची आणि जोर थोडा थोडा करत हातातून सुटू द्यायचा. हे करताना ते एक शब्दही बोलले नाहीत.

मग सगळं सुटं झालं, पेट्रोलमध्ये धुतलं गेलं. सर्वांत जास्त वेळ गेला तो पितळी पट्ट्यांवरच्या बारीक भोकांवर, ज्यांत चाकांच्या आसांची टोकं फिरतात. लाकडाची काडी ब्लेडनं टोकदार करायची, भोकात फिरवायची, काळी होऊन बाहेर आली की टोक कापून पुन्हा फिरवायची. काडी स्वच्छ बाहेर येईपर्यंत हेच. एक भोक झिजून लांबट झालेलं निघालं. त्यातलं चाक कलत होतं आणि शेजारच्या चाकात नीट बसत नव्हतं. ते भोक मोठं करून काकांनी त्यात पितळेची नवी नळी ठोकून बसवली. शेवटी सुईच्या टोकावर मावेल एवढंच तेल, तेही या भोकांना. दात्यांना तेल अजिबात नाही. घरगुती दुरुस्तीत नेमकं उलट होतं, आणि चांगली घड्याळं त्यामुळेच मरतात.

जोडणी झाल्यावर ठोका जुळवणं. माझ्या मते कारागिराची खरी परीक्षा इथे आहे. घड्याळ टांगलं, लंबक हलवला, आणि काका डोळे मिटून ऐकत राहिले. टिक आणि टक यांमधलं अंतर सारखं हवं. एक लांब, एक आखूड असेल तर एका बाजूला धक्का मिळण्याआधीच लंबक परततो आणि तासाभरात घड्याळ थांबतं. अँकरपासून खाली येणारी, लंबकाला हलकेच धरणारी तार त्यांनी केसभर वाकवली. पुन्हा ऐकलं. परत थोडी वाकवली. पाणसळ जवळ होती, पण तिला हात लावला नाही. पेटी सरळ असली म्हणून ठोका सरळ असतोच असं नाही.

धक्का देण्याचीही एक जागा असते. झोपाळा अगदी मधोमध असताना ढकलला तर त्याची लय सर्वांत कमी बिघडते. जॉर्ज एअरीनं 1826 मध्ये हे लंबकाबाबत गणितानं दाखवलं. चांगला अँकर बनवणाऱ्यांची सगळी धडपड त्या मध्याच्या जवळ जाण्याची असते.

उरली लांबी. लंबकाची लांबी हजारात एका भागानं वाढली तर घड्याळ दिवसाला 43 सेकंद मागे पडतं. म्हणून गोळ्याखालची चकती पाव फेरा फिरवायची, चोवीस तास थांबायचं, मग पुन्हा पाहायचं. घाई करून इथे काही मिळत नाही. पोलादी दांडी दहा अंशांनी तापली की दिवसाला पाच सेकंद जातात, पितळी असेल तर आठ. लाकडी दांडी त्या मानानं शांत. जागासुद्धा लंबकाला कळते. ज्याँ रिशे 1672 मध्ये पॅरिसहून दक्षिण अमेरिकेतल्या कायेनला गेला, तेव्हा तिथे त्याचं घड्याळ दिवसाला अडीच मिनिटं मागे पडू लागलं आणि त्याला लंबक तोकडा करावा लागला. विषुववृत्ताजवळ गुरुत्वाकर्षण कमी असतं, याचा तो पुरावा ठरला. तेव्हा दुकानात जुळवलेलं घड्याळ घरी नेल्यावर थोडं चुकलं, तर कारागिराला बोल लावू नये. आपल्या भिंतीवर ते पुन्हा जुळवावंच लागतं.

तुमच्या घरात असं घड्याळ असेल तर चावी देण्याचा एक वार ठरवा आणि तो पाळा. भरलेली स्प्रिंग आणि उतरलेली स्प्रिंग लंबकाला सारखं ढकलत नाहीत. आठवड्याचा क्रम एकच राहिला की चूकही ठरावीक राहते आणि काढता येते. आणि घड्याळ बंद पडलं असेल तर त्यात तेल घालू नका, भंगारातही देऊ नका. आधी जाणत्या घड्याळजीकडे न्या. हे काम येणारी माणसं अजून पेठांमध्ये बसलेली आहेत, आणि त्यांना काम हवं आहे.