जपानी चित्रकथांचे जतन आणि पाठभेदाचा प्रश्न

‘जतन’ या शब्दाचा रूढ अर्थ, नष्ट होऊ पाहणारी प्रत सुरक्षित ठेवणे, एवढाच आहे. जपानी चित्रकथा म्हणजे मांगा आणि ॲनिमेशनपट म्हणजे आनिमे यांच्या डिजिटल संग्रहांचा विचार करू लागले की, त्यात आणखी एक प्रश्न अंतर्भूत असल्याचे ध्यानी येते : जतन करावयाचे ते कोणत्या पाठाचे?

चित्रपटांच्या बाबतीत रूढ अर्थ बव्हंशी पुरेसा ठरतो. कारण तेथे प्रश्न अस्तित्वाचाच आहे. ज्वालाग्राही फिती, १९२३ चा कांतो भूकंप आणि पुढील महायुद्ध यांमुळे आरंभीच्या असंख्य कृती नाहीशा झाल्या. बोथट तलवार घेऊन फसलेल्या सामुराईची कथा सांगणारा जुनिची कोउची यांचा ‘नामाकुरा गाताना’ (१९१७) असाच लुप्त मानला जात होता. ओसाकाच्या जुन्या वस्तूंच्या बाजारात त्याची प्रत सापडल्याचे २००८ मध्ये जाहीर झाले. जपानी ॲनिमेशनच्या शताब्दीनिमित्त २०१७ मध्ये तेथील राष्ट्रीय चित्रपट केंद्राने असे प्रारंभीचे चित्रपट इंटरनेटवर विनामूल्य खुले केले.

मांगाची अडचण निराळी आहे. येथे प्रती पुष्कळ असतात, पण त्या एकरूप नसतात. मासिकातील कथा पुस्तकरूपाने निघताना तिचे रंग जातात, पाने गळतात, चौकटी बदलतात. ओसामू तेझुका यांनी तर आपल्या जुन्या कथा वारंवार नव्याने रेखाटल्या. शिचिमा साकाई यांच्यासह त्यांनी केलेली ‘शिन ताकाराजिमा’ (१९४७) युद्धोत्तर मांगाला वळण देणारी कृती मानली जाते. मात्र समग्र वाङ्मयात १९८४ मध्ये समाविष्ट झाली ती तिची पुन्हा काढलेली आवृत्ती. मूळ पाठाचे पुनर्मुद्रण २००९ मध्ये झाले. मधली पाव शतके सामान्य वाचकाने जिला युगप्रवर्तक म्हटले, तिचे त्याच्या हाती होते ते उत्तररूप.

सर्व पाठ सर्वांपुढे ठेवण्यास कायदाही आड येतो. जपानात २०१८ च्या अखेरीस स्वामित्वहक्काची मुदत लेखकाच्या मृत्यूनंतर ५० वर्षांऐवजी ७० वर्षे झाली. तेझुका १९८९ मध्ये निवर्तले. त्यांच्या कृती २०५९ च्या अखेरपर्यंत संरक्षित राहतील. त्यामुळे जपानच्या सांस्कृतिक व्यवहार विभागाने सुरू केलेला माध्यमकला-माहितीकोश मुख्यतः सूची पुरवितो. पाने पाहण्यासाठी क्योतोच्या आंतरराष्ट्रीय मांगा संग्रहालयासारख्या ठिकाणीच जावे लागते.

तथापि सूचीचे हे काम दुय्यम लेखणे योग्य होणार नाही. कोणती कथा कोणत्या अंकात आली आणि पुढे कोणकोणत्या आवृत्त्यांतून गेली, याची नोंद नसेल, तर अत्यंत सुस्पष्ट प्रतिमाही अभ्यासकाची दिशाभूल करील. पाठचिकित्सेची शिस्त हस्तलिखितांना जितकी आवश्यक, तितकीच ती या छापील चित्रांनाही आवश्यक आहे. तिच्यावाचून प्रत राहील. कृतीचा इतिहास मात्र हरपेल.