सेवाविषयक निकालांची विलंबित अंमलबजावणी व न्यायालयाचा अवमान (भारत)

नोकरीसंबंधीच्या वादात न्यायालयाने कर्मचाऱ्याच्या बाजूने दिलेला आदेश नियोक्त्याने मुदतीत न पाळल्यास त्याच्याविरुद्ध होणारी कार्यवाही हा भारतीय कायद्यातील दिवाणी अवमानाचा एक प्रकार आहे. पुनर्स्थापना, थकीत वेतन, सेवाज्येष्ठता, पदोन्नती आणि निवृत्तिवेतन हे अशा आदेशांचे नेहमीचे विषय होत.

कायदेशीर आधार

राज्यघटनेच्या अनुच्छेद १२९ व २१५ अन्वये अनुक्रमे सर्वोच्च व उच्च न्यायालयांस अवमानाबद्दल शिक्षा करण्याचा अधिकार आहे. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम २(ब) नुसार न्यायनिर्णयाची वा आदेशाची हेतुपुरस्सर अवज्ञा म्हणजे दिवाणी अवमान होय. कलम १२ मध्ये कमाल सहा महिने साधी कैद, २,००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही शिक्षा सांगितल्या आहेत. मात्र दिवाणी अवमानात दंड अपुरा वाटला, तरच दोषी व्यक्तीस दिवाणी तुरुंगात ठेवता येते. न्यायालयाचे समाधान करणारी क्षमायाचना केल्यास शिक्षा माफ होऊ शकते.

प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ च्या कलम १७ ने न्यायाधिकरणांनाही हा अधिकार दिला आहे. त्यामुळे महाराष्ट्रातील राज्य शासकीय कर्मचारी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या आदेशाबाबत तेथेच अवमान अर्ज करू शकतात.

विलंब आणि हेतू

केवळ विलंब झाला म्हणून अवमान सिद्ध होत नाही. अवज्ञा जाणूनबुजून झाली, हे दिसावे लागते. आदेश पाळणे संबंधित अधिकाऱ्याच्या आवाक्यात होते का, हेही तपासले जाते. 'अपील दाखल केले आहे' हा बचाव मात्र पुरेसा नाही. स्थगिती मिळाली नसेल, तर मूळ आदेश बंधनकारकच राहतो. मॉडर्न फूड इंडस्ट्रीज विरुद्ध सच्चिदानंद दास (१९९५) या निकालानुसार स्थगितीचा अर्ज प्रलंबित असल्यास तो अवमान अर्जाच्या आधी किंवा त्यासोबत ऐकला जावा.

मुदत

कलम २० नुसार अवमान घडल्यापासून एक वर्षानंतर कार्यवाही सुरू करता येत नाही. पल्लव शेठ विरुद्ध कस्टोडियन (२००१) या निकालाप्रमाणे वर्षाच्या आत अर्ज दाखल होणे पुरेसे आहे. व्यवहारात ही मुदत कर्मचाऱ्यासाठी निर्णायक ठरते. वरिष्ठांकडे केलेली विनंतीपत्रे व स्मरणपत्रे यांमुळे ती आपोआप वाढत नाही.

मर्यादा

जे. एस. परिहार विरुद्ध गणपत दुग्गर (१९९६) या सेवाज्येष्ठतेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने महत्त्वाची मर्यादा घालून दिली. आदेशानुसार निर्णय घेतला गेला असेल, पण तो चुकीचा वाटत असेल, तर त्याला अवमान याचिकेत नव्हे, तर स्वतंत्र कार्यवाहीत आव्हान द्यावे लागते. उदाहरणार्थ, 'निवेदनाचा विचार करावा' असा आदेश असता निवेदन कारणे देऊन फेटाळले गेले, तर सामान्यतः आदेशाचे पालन झाले असे मानले जाते. 'पदोन्नती द्यावी' हा आदेश याहून भिन्न असतो.

अधिकाऱ्यांना वारंवार न्यायालयात बोलावण्याविषयी सर्वोच्च न्यायालयाने ३ जानेवारी २०२४ रोजी कार्यपद्धती घालून दिली.

परिणाम

अंमलबजावणीपूर्वीच कर्मचारी नियत वयोमानाने निवृत्त झाला, तर त्यास प्रत्यक्ष कामावर परत घेता येत नाही. त्याचा हक्क थकबाकी, वेतननिश्चिती व निवृत्तिवेतन एवढ्यापुरता उरतो. अवमानाच्या शिक्षेने गेलेली सेवावर्षे परत मिळत नाहीत. म्हणून आदेशात पालनाची निश्चित मुदत असणे महत्त्वाचे ठरते.